मान्यतेची फाइल पुन्हा शिक्षणाधिकाऱ्यांच्या टेबलावर : एका शिक्षिकेच्या याचिकेचा प्रकरण अभ्यास

‘शिक्षणाधिकाऱ्यांचा आदेश रद्द करण्यात येतो. प्रस्तावावर कायद्यानुसार, याचिकाकर्तीला सुनावणीची संधी देऊन, आठ आठवड्यांत नव्याने निर्णय घ्यावा. सर्व पक्षांचे सर्व मुद्दे खुले ठेवण्यात येत आहेत. याचिका निकाली.’

उच्च न्यायालयाच्या खंडपीठाच्या इंग्रजी आदेशाचा मराठीत आशय एवढाच. स्टाफरूममध्ये त्या दिवशी पेढे वाटले गेले. त्यानंतरची जवळपास पाच वर्षं बाईंच्या खात्यावर शासनाचा एक रुपयाही जमा झाला नाही.

हे प्रकरण मराठवाड्यातल्या एका अनुदानित माध्यमिक शाळेचं आहे. नाव, गाव, संस्था दिलेली नाही. यातले तपशील एकाच फाइलमधून उचललेले नाहीत, हेही आधीच सांगतो. वैयक्तिक मान्यतेच्या, म्हणजे शिक्षकाच्या नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्यांनी द्यायच्या मंजुरीच्या, याचिकांत जे पुन्हा पुन्हा घडतं, ते एका शिक्षिकेच्या वाटचालीत बसवलं आहे. कायदे, शासन निर्णय आणि निवाडे मात्र खरे आहेत.

शाळेतले गणित-विज्ञानाचे शिक्षक ऑक्टोबर २०१२ मध्ये निवृत्त झाले. संच मान्यतेत, म्हणजे पटानुसार शाळेला मंजूर झालेल्या पदांत, नववी-दहावीच्या गटातलं ते पद कायम होतं. संस्थेने नोव्हेंबरमध्ये शिक्षणाधिकारी (माध्यमिक) कार्यालयाला पत्र दिलं, की गणिताचा अतिरिक्त (आपल्या शाळेतलं पद कमी झालेला) शिक्षक तुमच्या यादीत असेल तर पाठवा, नसेल तर भरतीची परवानगी द्या. उत्तर नाही. जानेवारीत स्मरणपत्र दिलं, त्यालाही उत्तर नाही. मग कोणतं पद कोणत्या प्रवर्गाचं हे दाखवणारी बिंदुनामावली मागासवर्ग कक्षाकडून तपासून घेतली, पद खुल्या प्रवर्गाचं असल्याची खात्री केली, दोन वर्तमानपत्रांत जाहिरात दिली, मुलाखती झाल्या, संस्थेचा ठराव झाला. जून २०१३ मध्ये बी.एस्सी., बी.एड. झालेल्या बाई शिक्षणसेवक म्हणून रुजू झाल्या. मानधन त्यावेळच्या दराने माध्यमिकला दरमहा ८,००० रुपये. तीन वर्षांनी नियमित वेतनश्रेणी.

अनुदानित शाळेतल्या शिक्षकाची नेमणूक संस्था करते आणि पगार शासन देतं, हे बाहेरच्या माणसाला पटकन कळत नाही. या दोघांमधला दुवा म्हणजे वैयक्तिक मान्यता. शिक्षणाधिकाऱ्यांची सही झाल्याशिवाय नाव पगारपत्रकात चढत नाही, आणि आता पगाराच्या ऑनलाइन शालार्थ प्रणालीत आयडी मिळाल्याशिवाय पगारपत्रकच निघत नाही. जुलै २०१३ मध्ये प्रस्ताव गेला. सहा महिन्यांनी तो त्रुटी काढून परत आला : जाहिरातीच्या मूळ प्रती जोडल्या नाहीत. जोडल्या. पुन्हा सहा महिन्यांनी दुसरी त्रुटी : मुलाखतीच्या गुणपत्रकावर निवड समितीच्या एका सदस्याची सही नाही. तीही पूर्ण केली. जानेवारी २०१५ मध्ये अखेर निर्णय आला, एका वाक्याचा. ‘दिनांक २ मे २०१२ च्या शासन निर्णयान्वये पदभरतीस बंदी असल्याने सदर प्रस्ताव नामंजूर करण्यात येत आहे.’

हा शासन निर्णय काय होता? ऑक्टोबर २०११ मध्ये राज्यभर पटपडताळणी झाली. हजेरीपटावर नावं आहेत आणि वर्गात मुलं नाहीत, असे प्रकार मोठ्या प्रमाणात सापडले. पट खाली आला की पदं कमी होतात, पदं कमी झाली की शिक्षक अतिरिक्त ठरतात. त्यांचं समायोजन होईपर्यंत नवी भरती नको, असा त्या बंदीचा हेतू. हेतू चुकीचा म्हणता येणार नाही. ज्या शिक्षकांना घरी बसवून पगार द्यायचा, त्यांना आधी शाळा द्या, यात वावगं काय? पण इंग्रजी, गणित आणि विज्ञान या विषयांचे शिक्षक अतिरिक्तांच्या यादीत सहसा नसतात. त्यांच्याविना दहावीचे वर्ग चालत नाहीत. म्हणून या तीन विषयांना पुढे त्या बंदीतून वाट करून दिली गेली. बाईंच्या नकारपत्रात या सवलतीचा उल्लेखही नव्हता. दोन पत्रांना कार्यालयाने उत्तर का दिलं नाही, याबद्दलही एक अक्षर नव्हतं.

नकार आल्याबरोबर संस्थेच्या सचिवांनी जे केलं ते अनेक संस्था करतात. त्यांनी बाईंना सांगितलं, ‘बाई, मान्यता नाही म्हणजे नेमणूकच नाही. राजीनामा देऊन टाका, पुढचं बघू.’ मुख्याध्यापक गप्प बसले. कोणाही शिक्षकाचं सगळ्यात मोठं नुकसान होऊ शकतं ते या टप्प्यावर. मान्यता हा नेमणुकीच्या वैधतेचा पाया नाही. तिचा संबंध अनुदानाशी आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात २००६ मध्ये हे स्पष्ट केलं आहे, की शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता ही वैध नेमणुकीची पूर्वअट नव्हे. नेमणूक पात्र व्यक्तीची, रिक्त पदावर, रीतसर झाली असेल तर मान्यता नाकारली म्हणून ती आपोआप संपत नाही. संस्थेने काढून टाकलंच, तर १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी अधिनियमाच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात तीस दिवसांत अपील करायचं असतं. राजीनामा दिला तर तो रस्ता जवळपास बंद होतो. बाईंनी राजीनामा दिला नाही. हजेरीपटावर रोज सही करत राहिल्या आणि महिन्याच्या पहिल्या आठवड्यात त्या पानाची झेरॉक्स काढून ठेवत राहिल्या. पुढे ही झेरॉक्सच कामाला आली.

काढून टाकणं आणि मान्यता नाकारणं या दोन गोष्टींचे दरवाजे वेगळे आहेत. पहिलीसाठी न्यायाधिकरण. दुसरीसाठी न्यायाधिकरणाला अधिकारच नाही, तिथे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. चुकीच्या दारात दोन-तीन वर्षं घालवून मग उच्च न्यायालयात आलेल्या शिक्षकांची संख्या कमी नाही. बाईंना वकील बरे मिळाले. नकार जानेवारीत आला आणि याचिका मार्चमध्ये दाखल झाली. सचिव साहेबांचं मन वळवून संस्थेलाही सह-याचिकाकर्ती केलं. संस्था प्रतिवादी असली की तिचं शपथपत्र कोणत्या दिशेला जाईल, सांगता येत नाही. संस्था सोबत असली की निवड प्रक्रियेची मूळ कागदपत्रं वेळेत मिळतात.

त्वरेचा फायदा थकबाकीच्या हिशोबात दिसतो. तरसेम सिंग प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की पगार किंवा निवृत्तिवेतनासारख्या सतत चालणाऱ्या अन्यायाबद्दल उशिरा दाद मागितली तरी ऐकता येते, पण थकबाकी साधारणपणे याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच. त्याच वर्षीच्या सी. जेकब प्रकरणात कर्मचाऱ्याने १९८२ च्या सेवासमाप्तीबद्दल २००० साली निवेदन दिलं होतं. न्यायालयाने ‘निवेदनावर विचार करा’ असं म्हटलं म्हणून मेलेला दावा जिवंत होत नाही, असा तो निवाडा. ‘आधी निवेदन देऊ, मंत्रालयात बघू, मग कोर्ट’ या आपल्याकडच्या सवयीला हे दोन्ही निवाडे महागात पडतात.

पहिली याचिका दोन वर्षं चालली. सरकारी वकिलांनी शिक्षणाधिकाऱ्यांचं शपथपत्र दाखल केलं, आणि त्यात मूळ पत्रात नसलेली दोन कारणं उगवली. एक, भरतीपूर्वी परवानगी घेतली नाही. दोन, जाहिरात पुरेशा खपाच्या वर्तमानपत्रात नव्हती. बाईंच्या वकिलांनी मोहिंदर सिंग गिल प्रकरणाचा १९७७ चा निवाडा समोर ठेवला. सरकारी आदेशाची वैधता त्यात लिहिलेल्या कारणांवरच जोखायची, नंतर शपथपत्राने नवी कारणं जोडायची नाहीत. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्यात म्हटलं आहे, की आदेश म्हणजे जुनी होईल तशी मुरत जाणारी मदिरा नव्हे.

खंडपीठाला हे पटलं. पण एका वाक्याचा आदेश पुरेशी कारणं नसलेला ठरवून रद्द करणं वेगळं, आणि मान्यता द्या असं सांगणं वेगळं. त्या वर्षी जिल्ह्यात गणिताचा अतिरिक्त शिक्षक खरंच होता का? बिंदुनामावलीचं रजिस्टर काय सांगतं? मुलाखतीला किती उमेदवार आले? हे कार्यालयाने कधी पाहिलंच नव्हतं, मग न्यायालय कुठून पाहणार? न्यायमूर्तींनी विचारलं, ‘परत पाठवलं तर हरकत आहे का?’ वकिलांनी हरकत घेतली नाही. दोन मिनिटांत आदेश सांगितला गेला, तो लेखाच्या सुरुवातीला दिला आहे.

परत पाठवण्याला माझी तक्रार नाही. तथ्यांची तपासणी प्रशासनानेच करावी, हे तत्त्व योग्य आहे. पण या प्रकरणात दोन वेगळे प्रश्न एकत्र गुंडाळले गेले. अतिरिक्त शिक्षक होता का, हा तथ्याचा प्रश्न, तो परत जायलाच हवा होता. गणित-विज्ञानाच्या पदाला बंदी लागू होते का, हा निव्वळ कायद्याचा प्रश्न. त्याचं उत्तर द्यायला खंडपीठाला एकही रजिस्टर लागत नव्हतं. ते दिलं असतं तर शिक्षणाधिकाऱ्यांचं निम्मं काम कमी झालं असतं. उलट ‘सर्व मुद्दे खुले’ म्हटल्याने बंदीचा मुद्दाही खुला राहिला आणि नवी कारणं शोधायलाही मोकळं रान मिळालं.

सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये आंध्र प्रदेश राज्य परिवहन महामंडळ विरुद्ध जी. श्रीनिवास रेड्डी या प्रकरणात ‘विचार करा’ अशा निर्देशांची चिकित्सा केली आहे. न्यायालय चूक कुठे झाली ते ठरवतं आणि त्या निष्कर्षाच्या प्रकाशात विचार करा म्हणतं, तेव्हा अधिकाऱ्याचे हात त्या निष्कर्षाने बांधलेले असतात. न्यायालय काहीच न ठरवता नुसतं ‘कायद्यानुसार विचार करा’ म्हणतं, तेव्हा अधिकारी मोकळा असतो. बाईंच्या हातात दुसऱ्या प्रकारचा आदेश होता आणि पेढे पहिल्या प्रकारचे वाटले गेले.

न्यायमूर्ती ‘परत पाठवतो’ म्हणतात तिथून आदेश सांगून होईपर्यंतचा वेळ फार थोडा असतो, आणि वकिलाची खरी परीक्षा तिथे असते. माझ्या मते त्या वेळी हरकत घेण्यापेक्षा आदेशात काय यावं ते मागणं महत्त्वाचं. बंदीचं कारण या विषयाला लागू नाही, एवढं एक वाक्य नोंदवून घ्यावं. मूळ पत्रातल्या आणि शपथपत्रातल्या कारणांपलीकडे नवं कारण काढायचं असेल तर आधी त्याची लेखी नोटीस द्यावी, हे मागावं. निर्णय कारणांसह असावा, वरिष्ठांच्या मार्गदर्शनाची वाट पाहत थांबू नये, हेही मागावं. खंडपीठ सगळं देईलच असं नाही. पण मागितलेलं नाकारलं तर तेवढं तरी कळतं, न मागितलेल्याबद्दल नंतर बोलता येत नाही.

आठ आठवड्यांची मुदत संपायला सहा दिवस बाकी असताना सुनावणीचं पत्र आलं. जिल्हा परिषदेच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर माध्यमिक विभाग. बाई, मुख्याध्यापक आणि संस्थेचे लिपिक साडेदहाला पोहोचले. वरिष्ठ सहायकांनी आवक रजिस्टर उलटून न्यायालयाचा आदेश शोधला, मग म्हणाले, ‘मॅडम, साहेब बदलून गेलेत. नवीन साहेबांना सगळं पहिल्यापासून सांगावं लागेल.’ कागदांचा गठ्ठा टेबलावर ठेवला गेला : नोव्हेंबर आणि जानेवारीच्या पत्रांच्या पोच शिक्क्यासह प्रती, बिंदुनामावलीचा तपासलेला उतारा, दोन जाहिराती, गुणपत्रक, ठराव, नेमणूक आदेश, रुजू अहवाल, संच मान्यता, चार वर्षांचे हजेरीपट, शालांत परीक्षेचे गणिताचे निकाल आणि वर्गाचं वेळापत्रक.

वेळापत्रक कोणी मागितलं नव्हतं. बाई पूर्णवेळ शिकवतात हे दाखवायला मुख्याध्यापकांनी उत्साहाने जोडलं. त्यात आठवीचे आठवड्याला चार तास बाईंच्या नावावर होते. साहेबांनी बोट तिथेच ठेवलं. ‘आठवीला शिकवता? मग टीईटी?’

शिक्षक पात्रता परीक्षेचा, म्हणजे टीईटीचा, हा मुद्दा तोवर कुठेच नव्हता, ना पहिल्या नकारात, ना शपथपत्रात. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम २३ आणि राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेच्या ऑगस्ट २०१० च्या अधिसूचनेनुसार ही परीक्षा पहिली ते आठवीच्या शिक्षकांसाठी आहे. राज्याने १३ फेब्रुवारी २०१३ च्या शासन निर्णयाने ती लागू केली, म्हणजे बाईंच्या नेमणुकीच्या चार महिने आधी. नववी-दहावीच्या पदाला ती लागत नाही. बाईंचं पद नववी-दहावीचंच होतं. पण आठवीचे ते चार तास कागदावर होते.

सुनावणीचा रोजनामा लिहिला गेला, सह्या झाल्या. इथे मुख्याध्यापकांनी एक शहाणपणाचं काम केलं. रोजनाम्याखाली हाताने दोन ओळी लिहिल्या, की टीईटीचा मुद्दा आज प्रथमच उपस्थित झाला आहे, त्यावर लेखी म्हणणं मांडायला आठ दिवस मिळावेत. आठ दिवस मिळाले नाहीत. मुदतीच्या शेवटच्या दिवशी जावक क्रमांक पडलेला दुसरा नकार आला, यावेळी दीड पानांचा. त्यात २ मे २०१२ ची बंदी पुन्हा होती, अतिरिक्त शिक्षक उपलब्ध नसल्याचा पुरावा संस्थेने दिला नाही असं म्हटलं होतं, आणि तिसरं कारण टीईटी.

दुसरं कारण वाचून कोणीही चक्रावेल. अतिरिक्तांची यादी ठेवतं कोण? खासगी शाळा कर्मचारी अधिनियमाच्या कलम ५ मधल्या परंतुकानुसार यादी शिक्षणाधिकाऱ्यांनीच ठेवायची असते, संस्थेने फक्त विचारायचं. संस्थेने दोनदा विचारलं होतं. कार्यालयाने उत्तर द्यायचं नाही आणि उत्तर नसल्याचा दोष संस्थेवर टाकायचा, असा हा उलटा न्याय. तेच कलम रिक्त पद शक्य तितक्या लवकर भरण्याची जबाबदारी संस्थेवर टाकतं, तेव्हा संस्था उत्तराची अनंतकाळ वाट पाहू शकत नाही.

आता स्टाफरूममध्ये एकच चर्चा : कोर्टाचा अवमान! बाईंच्या भावानेही वकिलांना तेच विचारलं. वकिलांनी नकार दिला, तो बरोबर होता. आदेश होता आठ आठवड्यांत निर्णय घ्या असा. निर्णय घेतला गेला, मुदतीत घेतला गेला. तो चुकीचा असला तरी अवमान नव्हे. जे. एस. परिहार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये सांगितलं आहे, की न्यायालयाच्या निर्देशानुसार घेतलेला नवा निर्णय बरोबर असो वा चूक, त्यातून दाद मागण्याचं नवं कारण निर्माण होतं. अवमान याचिकेत त्याची योग्यता तपासता येत नाही. निर्णयच घेतला नसता, तर गोष्ट वेगळी होती, आणि तेव्हाही एका वर्षाची मुदत पाळावी लागली असती. रागाच्या भरात अवमान याचिका करून वर्ष-दीड वर्ष घालवलेले शिक्षक मी पाहिले आहेत.

दुसरी याचिका २०१८ मध्ये दाखल झाली, आणि ती पहिलीपेक्षा फार वेगळी होती. मधल्या काळात बाईंनी माहितीच्या अधिकारात प्रस्तावाच्या फाइलमधल्या टिप्पण्या मागवल्या. पहिलं अपील केल्यावर त्या मिळाल्या. त्यात विस्तार अधिकाऱ्यांची एक टिप्पणी होती, की विषय गणित असल्याने प्रस्ताव विचारार्ह वाटतो. त्याखाली शेरा होता : ‘उपसंचालकांचे मार्गदर्शन घ्यावे.’ पुढच्या पानावर आलेलं मार्गदर्शन होतं, ‘पदभरतीस बंदी असल्याने नियमानुसार कार्यवाही करावी.’ आणि त्याखाली नकाराचा मसुदा. म्हणजे ज्या अधिकाऱ्याला न्यायालयाने स्वतः विचार करून निर्णय घ्यायला सांगितलं, त्याने तो वरून मागवला होता.

यावर जुना, मुंबईचाच निवाडा आहे. अंधेरीत चित्रपटगृह बांधायला पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली आणि नंतर ‘शासनाच्या आदेशावरून’ ती रद्द केल्याचं कळवलं. गोर्धनदास भानजी या १९५१ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की अधिकार आयुक्तांचा होता, निर्णय त्यांनी स्वतःच घ्यायला हवा होता. दुसऱ्याचा निर्णय नुसता कळवणं म्हणजे अधिकार वापरणं नव्हे. बाईंच्या दुसऱ्या याचिकेचा कणा या टिप्पण्या आणि हा निवाडा. आपल्याकडे टिप्पण्या मागवण्याचा कंटाळा करतात. नकारपत्र सोबत जोडलं की झालं, अशी समजूत असते. नकारपत्रात कार्यालयाला सांगायचं तेवढंच असतं, तिथपर्यंत कसं पोहोचलं ते टिप्पणीत असतं.

कोरोनाच्या काळात सुनावणी लांबली. २०२१ मध्ये निकाल आला तेव्हा सरकारी वकिलांनी पुन्हा सुचवलं, की प्रस्ताव फेरविचारासाठी पाठवावा. यावेळी हरकत ठामपणे घेतली गेली. जगन्नाथन प्रकरणात १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे, की प्राधिकाऱ्याने अधिकार वापरलाच नाही किंवा चुकीच्या पायावर वापरला, तर अन्याय टाळण्यासाठी उच्च न्यायालय तो आदेश स्वतः देऊ शकतं. दोन फेऱ्या झाल्या आहेत, तथ्यांवर वाद उरलेला नाही, तिसऱ्यांदा पाठवून काय निष्पन्न होणार, हा युक्तिवाद खंडपीठाला पटला. बंदी गणित-विज्ञानाला लागू नाही. पत्रांना उत्तर न देणाऱ्या कार्यालयाला अतिरिक्त शिक्षकाचा मुद्दा काढता येणार नाही. पद नववी-दहावीचं आहे, आठवीच्या चार तासांनी पदाचं स्वरूप बदलत नाही. सहा आठवड्यांत नेमणुकीच्या तारखेपासून मान्यता द्यावी.

टीईटीबद्दल एक गोष्ट जाता जाता. ती परीक्षा पहिली ते आठवीच्या सेवेतल्या शिक्षकांनाही बंधनकारक आहे आणि पाच वर्षांहून अधिक सेवा उरलेल्यांनी ती दोन वर्षांत उत्तीर्ण व्हावी, असं सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी सांगितलं. तेव्हापासून वेळापत्रकातल्या आठवीच्या तासांना माध्यमिक शाळांत भलतंच महत्त्व आलं आहे. प्रस्तावाला मागितलेले कागद जोडावेत, न मागितलेले जोडण्याआधी ते एकदा वाचावेत.

मान्यतेचा आदेश निघाला, पण पगार लगेच निघाला नाही. शालार्थ आयडीचा वेगळा प्रस्ताव विभागीय उपसंचालकांकडे जातो, तिथे मान्यतेची पडताळणी होते. ही पायरी त्रासाची वाटते. पण २०२५ मध्ये नागपूर विभागात बोगस शालार्थ आयडींचं प्रकरण उघडकीला आलं, त्यानंतर तिची गरज नाही असं म्हणणं कठीण झालं आहे. बनावट मान्यतांवर पगार उचलणारे आणि खऱ्या मान्यतेसाठी आठ वर्षं थांबणारे एकाच व्यवस्थेत असतात, आणि पडताळणीत वेळ खर्च होतो तो या थांबणाऱ्यांचा. बाईंचा आयडी २०२२ मध्ये आला आणि त्या महिन्यापासून पगार सुरू झाला.

थकबाकीचा हिशोब मुख्याध्यापकांनी स्वतः केला. पहिली तीन वर्षं शिक्षणसेवकाचं मानधन, जून २०१६ पासून नियमित वेतनश्रेणी, मग सातव्या वेतन आयोगाची निश्चिती, मधल्या काळात संस्थेने हातउसने म्हणून दिलेली रक्कम वजा. ही रक्कम पावतीवर होती म्हणून वजाही करता आली आणि बाई सलग कामावर होत्या हेही सिद्ध झालं. लेखा विभागाने सलग सेवेचा पुरावा मागितला, तेव्हा दर महिन्याच्या झेरॉक्सचा गठ्ठा पुढे केला गेला. पहिली याचिका नकारानंतर दोन महिन्यांत दाखल झाल्यामुळे थकबाकीला तीन वर्षांची मर्यादा आड आली नाही. थकीत देयक स्वतंत्र मंजुरीने, तुकड्यातुकड्यांत निघालं. व्याज मिळालं नाही, कारण दोन्ही याचिकांच्या विनंतीत ते मागितलंच नव्हतं.